तीन वगळून

माझ्या आतोबांइतका चिडका माणूस नाशिक जिल्ह्यात दुसरा झाला नाही, हे मी निफाडपासून पेठपर्यंत कोणाहीसमोर छातीठोकपणे सांगायला तयार आहे. आतोबा म्हणजे माझ्या सख्ख्या आत्याचे यजमान. इतर माणसं महागाईवर चिडतात, नळाला पाणी आलं नाही म्हणून चिडतात, जावयावर चिडतात. यातलं काहीच आतोबांना चिडवू शकत नसे. नळ चार दिवस कोरडा राहिला तर ते निमूटपणे बादली घेऊन शेजारी जात. पण कोणी अपूर्णांकाचा छेद न तपासता पुढे गेलं, की त्यांच्या कानांच्या पाळ्या लाल होत, चष्मा कपाळावर चढे, आणि आत्या स्वयंपाकघरातूनच ओळखे की आता पानावरची आमटी गार होणार. बरं, ज्या बापड्यावर ते चिडत त्याला छेद म्हणजे काय हे बहुधा आठवतही नसे. तो आपला दूध घालायला आलेला असे.

निफाडच्या कॉलेजात त्यांनी तीस वर्षं अकरावी-बारावीला गणित शिकवलं. राहायला नाशकात द्वारका चौकाजवळ, रोज सकाळी तिथूनच एसटी पकडायची आणि संध्याकाळी तिथेच उतरायचं. गणितात प्रकरणं पुष्कळ असतात, पण यांचा जीव अडकला होता एकाच ठिकाणी: अपूर्णांकाच्या केवल मूल्याच्या असमानतेत. ज्यांनी हे सगळं शाळेबरोबरच टाकून दिलं त्यांच्यासाठी सांगते, आणि थोडक्यात सांगते. एक अपूर्णांक घ्यायचा आणि त्याच्या दोन्ही बाजूंना उभ्या दांड्या मारायच्या. दांड्यांच्या आत उणे काही निघालं, तर बाहेर येताना ते अधिक होऊन येतं. हे झालं केवल मूल्य. मग विचारायचं, की हे मूल्य एकापेक्षा मोठं केव्हा असतं? मुलं काय करत, तर खालचा छेद उचलून पलीकडे नेत, गुणून टाकत आणि उत्तर काढून मोकळी होत. एरवी छेद उणे असला तर अशा गुणाकारात लहान-मोठ्याचं चिन्ह उलटतं. दांड्या असल्या की तो धोका टळतो. पण छेद शून्यच झाला तर? ‘दांड्यांनी छेदाचा उणेपणा जातो, शून्यपणा जात नाही,’ हे वाक्य आतोबा वर्गात म्हणत, एसटीत म्हणत, आणि एकदा तर मी माझ्या कानांनी ऐकलंय, बारशाला पाळण्यापाशी उभे राहून म्हणाले. म्हणून उत्तराच्या शेवटी लिहायचं, अमुक संख्या वगळून. ते ‘वगळून’ राहिलं, तर आतोबांच्या लेखी तुम्ही गणित केलंच नाही, नुसता कागद खराब केला.

चिडले तरी ते मुलांवर हात उगारत नसत, ओरडतही नसत. खडू टेबलावर ठेवत आणि वर्गाबाहेर जाऊन नळापाशी उभे राहत. सात-आठ मिनिटांनी पाणी पिऊन परत. निफाडच्या पोरांनी ही खुबी पहिल्याच वर्षी हेरली. द्राक्षकाढणीच्या दिवसांत पहाटेपासून बागेत राबून आलेली पोरं बाकावर डुलक्या घेत. मग त्यांच्यातलाच एक जण उठून फळ्यापाशी जाई आणि बेधडक तिरकस गुणाकार करी. आतोबा बाहेर जात, आणि अख्खा वर्ग बाकांवर डोकी टेकून झोपून घेई. एका पठ्ठ्याने तर तोंडावर विचारलं, “सर, छेद पलीकडं नेला तर बिघडलं कुढं? लय टाइम वाचतो.”

आतोबा म्हणाले, “वाचलेला टाइम दाखव.”

“आत्ता तर वाचला, सर. लगेच कसा दाखवू?”

त्या दिवशी ते पुढच्या तासाची घंटा होईपर्यंत नळापाशी होते. हे त्यांनीच मला सांगितलं, आणि सांगतानाही पाळ्या लाल झाल्या.

अकरावीत मी त्यांच्या तावडीत सापडले. नव्वदीच्या सुरुवातीची ती वर्षं. माझ्या मैत्रिणी रविवारी दुपारी सिनेमाला जात आणि मी आतोबांच्या स्वयंपाकघरात शहाबादी फरशीवर उभी असे. उभीच, कारण फरशी हीच संख्यारेषा. उंबऱ्याला शून्य, आत एक, दोन, तीन. “क्ष वजा तीन छेदात आहे. उभी राहा, कुठे राहतेस ते बघू.” मी बेसावधपणे तिसऱ्या फरशीवर पाय ठेवला की, “फुटली! फरशी फुटली! पडलीस तू खाली!” म्हणून टाळ्या पिटत. सतरा वर्षांच्या मुलीला हे सहन करावं लागत होतं. आत्यालासुद्धा सवय लागली होती; हातात गरम कुकर घेऊन ती तिसरी फरशी ओलांडून जाई. मी म्हटलं, “आत्या, तू कशाला?” तर म्हणाली, “अगं, चुकून पाय पडला की हे जेवत नाहीत नीट.” या बाईने संसार कसा केला असेल, ते तुम्हीच ठरवा.

केवल मूल्य म्हणजे अंतर, आणि अंतराला चिन्ह नसतं, हा दुसरा जप. आतोबांची बहीण आणि आत्याचा भाऊ, म्हणजे माझे वडील, एकाच गल्लीत समोरासमोर राहत. आत्या एकदा सहज म्हणून गेली, “तुमच्या बहिणीकडे कुठे एवढ्या लांब जायचं उन्हात! मी जरा दादाकडे जाऊन येते.” संपलं. आतोबांनी शिवणाच्या डब्यातली टेप काढली, आत्याला बरोबर घेतलं आणि आमच्या दारापासून त्यांच्या बहिणीच्या दारापर्यंत भर दुपारी अंतर मोजलं. नंतर तिच्या दारापासून आमच्या दारापर्यंत मोजलं. टेप धरायला मी. गल्लीतल्या सगळ्या खिडक्या उघडल्या होत्या. “बघ,” ते आत्याला म्हणाले, “अंतराला माहेर-सासर नसतं.” आत्या आठ दिवस बोलली नाही त्यांच्याशी. त्यांच्या ते लक्षात आलं नाही, असं ती म्हणते.

स्वतःच्या साठीशांतीची पत्रिका त्यांनी स्वतः लिहिली. ‘सर्वांनी अगत्य येण्याचे करावे’ हे वाक्य लिहून झाल्यावर त्यांना चैन पडेना. सर्वांनी म्हणजे कोणी? हे विधान सगळ्यांना लागू आहे का? शेवटी खाली एक ओळ टाकली: ‘धाकटे साडू वगळून.’ छापणाऱ्याने दोनदा फोन करून खात्री केली. धाकटे साडू अर्थातच सर्वांच्या आधी हजर, पत्रिका हातात नाचवत. आतोबांनी त्यांना मांडवात नेऊन सगळ्यांदेखत समजावलं की मागच्या दोन कार्यांत ते पंगतीवरून भांडले होते, त्या अर्थी विधानाला त्यांचा अपवाद करणं भागच होतं. राग धरू नये, ही केवळ अचूकता आहे. साडू जेवून गेले. पंगतीवरून भांडून गेले.

माझं लग्न मोडलं तेही याच अचूकतेपायी, आणि त्याबद्दल मी त्यांना अजून माफ केलेलं नाही. स्थळ चांगलं होतं. मुलगा दिसायला बरा, नोकरी पक्की. बोलणी करायला मुलाचे वडील आले. चहा झाला, पोहे झाले, आणि ते गृहस्थ अभिमानाने म्हणाले, “आमचा मुलगा म्हणजे हजारात एक आहे.”

आतोबा कोपऱ्यातून म्हणाले, “कुठल्या हजारात?”

“म्हणजे?”

“एक छेद हजार म्हणालात ना? हजार कोण ते सांगा. तुम्ही मोजलेत, की अंदाजे?”

माझे वडील हसून वेळ मारून न्यायला बघत होते. पण आतोबा खुर्ची ओढून पुढे आले. “नाही, माझा मुलावर आक्षेप नाही. अंश उत्तम आहे. पण छेद न सांगता अपूर्णांक सांगू नये, माणसाची फसगत होते.” पाहुणे पोह्याची बशी अर्धी टाकून उठले. मी आतल्या खोलीत साडी नेसून बसले होते, आणि मला दारातून फक्त ‘अंश उत्तम आहे’ एवढं ऐकू आलं. पुढे माझं लग्न झालं, चांगलंही झालं, पण त्यात आतोबांचा काडीचा हात नाही.

आता एवढं सगळं सांगून झाल्यावर ज्या प्रकरणासाठी मी लिहायला बसले ते सांगते. त्यात माझी बाजू लंगडी आहे हे आधीच कबूल करते, पण म्हणून माझा राग कमी होत नाही.

एमएस्सी झाल्यावर मी गंगापूर रोडवरच्या एका मोठ्या क्लासमध्ये गणित शिकवायला लागले. त्या क्लासची एक ‘निवड बॅच’ होती. बारावीच्या सुरुवातीला परीक्षा घ्यायची, पहिली तीस मुलं निवडायची. त्यांना वर्षभर शिकवायचं आणि बाहेरगावच्यांची राहायची सोयही क्लासने करायची. त्या परीक्षेला यमुना बसली होती. यमुना पेठकडच्या डोंगरातल्या एका पाड्यावरची. आईवडील पावसाळ्यात आपल्या तुकड्यात भात आणि नागली घेत, आणि दिवाळीनंतर निफाडकडे द्राक्षबागांवर कामाला येत. त्यांचा बागमालक आतोबांचा जुना विद्यार्थी. पोरगी हुशार आहे म्हणून त्याने तिला आतोबांकडे धाडलं, तेव्हा आतोबा निवृत्त होऊन घरीच असत. वर्षभर ती नाशकात मामाकडे राहिली आणि दर रविवारी आतोबांच्या फरशीवर उभी राहिली. मामा बांधकामावर होता. त्याचं इथलं काम संपत आलं होतं, आणि जूनच्या शेवटी तो सुरतेला जाणार होता. म्हणजे निवड बॅचमध्ये नाव लागलं तर यमुना नाशकात राहणार आणि बारावी सायन्स करणार; नाही लागलं तर पाड्यावर परत, तिथे पुढचं शिक्षण नाही. इतका सरळ हिशेब होता.

परीक्षेत एक गणित आतोबांच्या हृदयातून काढल्यासारखं आलं. दोन क्ष वजा एक, छेद क्ष वजा तीन. त्याचं केवल मूल्य एकापेक्षा मोठं केव्हा? क्लासच्या छापील उत्तरसूचीत उत्तर होतं: क्ष उणे दोनपेक्षा लहान, किंवा चार तृतीयांशापेक्षा मोठा. यमुनाने तेच लिहिलं आणि पुढे दोन शब्द लिहिले: ‘तीन वगळून.’ पेपर तपासणाऱ्याने त्या दोन शब्दांभोवती लाल गोल केला आणि एक मार्क कापला. यादी लागली. यमुना एकतिसावी, तिसाव्या मुलापेक्षा एका मार्काने मागे.

तो गोल मी केला होता.

दोनशे पेपर होते, दोन दिवस होते, आणि समोर उत्तरसूची होती. सूचीत जे नाही ते चूक, अशी संचालकांची सक्त ताकीद होती. पेपरांवर नाव नव्हतं, नुसता नंबर. हे सगळं खरं आहे. आणि हेही खरं आहे की तीन घालून बघायला मला दहा सेकंद लागले असते, आणि अख्ख्या नाशकात ते ज्या एका बाईला शिकवलं गेलं होतं ती मीच होते.

यमुनाने पेपर मागून घेतला आणि रविवारी आतोबांना नेऊन दाखवला. सोमवारी सकाळी आतोबा क्लासच्या ऑफिसात, चष्मा कपाळावर. आम्ही तिघं तपासणारे तिथेच होतो.

“साहेब, तीन घाला,” ते संचालकांना म्हणाले.

“कुठे घालू, काका?”

“क्षच्या जागी. वर पाच येतात, खाली शून्य. पाच छेद शून्य. आता याचं मूल्य एकापेक्षा मोठं आहे की लहान, सांगा मला.”

संचालक वाणिज्य शाखेचे. ते म्हणाले, “काका, यादी लागली आहे. एका मार्कासाठी यादी बदलायला लागलो तर उद्या दारात रांग लागेल. आणि सूचीत तीन नाही.”

“सूचीत नाही म्हणूनच आलोय ना! पोरीचं बरोबर आणि तुमचं चूक. हा गोल कोणाचा?”

आम्ही तिघांनी एकमेकांकडे बघितलं. मी खाली बघितलं. संचालक म्हणाले, आठ दिवसांनी प्रवेश बंद होतील, तोपर्यंत सूची करणाऱ्या सरांना विचारतो. ते सर नोकरी सोडून गेले होते, हे आम्हाला सगळ्यांना ठाऊक होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी क्लासला आले, तर फाटकापाशी घरचं लाकडी स्टूल टाकून आतोबा बसलेले. मांडीवर पेपरची झेरॉक्स. आत जाणाऱ्या प्रत्येक मुलाला थांबवून म्हणत, “बाळा, इथे तीन घालून बघ.” मुलं आधी हसली. मग एक-दोघांनी घालून बघितले. तिसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत त्यांच्याभोवती घोळका. मुलांना आणायला येणारे पालक स्कूटर बंद करून पायांवर वही ठेवून तीन घालायला लागले. एक भाजीवाल्या बाई त्यांना रोज पाणी द्यायच्या. त्यांनाही ते समजावून झालं. “शून्यानं भागायचंच कशाला मुळात?” असं त्या म्हणाल्या, तर आतोबा खूश होऊन म्हणाले, “हे तुम्हाला समजतं, आत बसलेल्यांना समजत नाही.”

आत बसलेल्यांत मी. दिवसातून चारदा त्यांच्यासमोरून जायचं-यायचं. लाजेने मान वर होत नव्हती, आणि रागाने अंगाचा तिळपापड होत होता. म्हातारा माणूस, उघडिपीचं कडक ऊन, भर रस्ता. मी म्हटलं, “आतोबा, घरी चला हो. लोक बघतात.”

“बघू देत. लोकांनी बघावं म्हणूनच बसलोय. तू तुझं काम कर.”

“एका मार्कासाठी?”

“मार्कासाठी नाही. ज्याने गोल केला ना, त्याला तीन घालायला लावल्याशिवाय उठणार नाही. गाढव आहे तो. त्याला कोणी शिकवलं कुणास ठाऊक.”

‘तो’ म्हणत होते, म्हणून मी निर्धास्त होते. घरी येऊन मात्र जेवण जात नव्हतं. यमुना मामाबरोबर सामान बांधून पाड्यावर गेली, असं चौथ्या दिवशी कळलं. भाताची आवणी सुरू झाली होती आणि आईला हात हवे होते.

आठव्या दिवशी मी फळ्यावर भलतंच काही शिकवत होते. मागच्या बाकावरची एक मुलगी उठली आणि म्हणाली, “मॅडम, बाहेरचे आजोबा म्हणतात ते गणित तुम्ही करून दाखवा ना.” वर्ग हसला. नाही म्हणायला तोंड नव्हतं. मी लिहिलं. दोन क्ष वजा एक, छेद क्ष वजा तीन. दांड्या मारल्या. उत्तर काढलं, उणे दोन, चार तृतीयांश. मागून चाळीस पोरं एका सुरात म्हणाली, “तीन घाला!” मी तीन घातले. वर पाच, खाली शून्य. तो तास मी पुरा केला नाही. सरळ ऑफिसात गेले आणि म्हटलं, “गोल मी केला होता. उत्तर पूर्ण बरोबर आहे. एक मार्क द्यायचा राहिलाय.”

संचालक म्हणाले, “लेखी द्या.” मी लिहून दिलं: ‘उत्तरसूची अपुरी आहे. विद्यार्थिनीचे उत्तर बरोबर आहे. चूक माझी आहे’. खाली सही. तिसावा आणि यमुना आता बरोबरीत आले, म्हणून त्यांनी यादीच्या तळाशी एक ओळ वाढवली. दोन मिनिटांचं काम. मला मात्र वर्षभर पेपर तपासायला दिले नाहीत, आणि हे सगळ्या स्टाफदेखत सांगितलं.

मी त्या चिठ्ठीची झेरॉक्स घेऊन फाटकापाशी गेले. वाटलं, आता शिव्या घालतील, रस्त्यावर तमाशा होईल. आतोबांनी चष्मा खाली ओढून चिठ्ठी वाचली, पुन्हा वाचली, आणि म्हणाले, “‘आहे’च्या पुढे पूर्णविराम दिला नाहीस.” मग उठले, स्टूल काखेत मारलं. “पेठची पहिली एसटी किती वाजता असते, विचारून ठेव. तू येतेयस बरोबर.”

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही पेठला उतरलो. तिथून जीप, तिथून चिखलातून पायवाट. आतोबांच्या पायात त्यांच्या तीस वर्षांच्या नोकरीतले काळे बूट. यमुना आईबरोबर गुडघाभर पाण्यात भात लावत होती. आम्हाला बघून आई घाबरली. “काय झालं, मास्तर? पोरीनं काय चुकवलं का?”

“पोरीनं नाही,” आतोबा म्हणाले, आणि माझ्याकडे बघून गप्प बसले. एरवी बोलायची गरज नसताना बोलणारा माणूस, नेमका तेव्हा गप्प.

मी बांधावर उभी राहून सांगितलं. उत्तर बरोबर होतं, गोल मी केला होता, नाव लागलं आहे, उद्या यायचं आहे. यमुना हातातली रोपं तशीच धरून ऐकत होती. तिने रडारड केली नाही, माझ्यावर चिडलीही नाही. चिडली असती तर बरं झालं असतं. ती म्हणाली, “मला वाटलं, नाशकात तीन चालत आसंल.”

“म्हणजे?” मी विचारलं.

“मास्तर म्हणले बरोबर हाय, पण शिकल्याल्या लोकांनी गोल केला ना, मॅडम. म्हणलं, आपलंच चुकलं आसंल. मग मी हितं येऊन केलेल्या गणितांत तीन वगळायचं सोडून दिलं.”

एक मार्क परत देता येतो. पण बरोबर असलेल्या पोरीला मी शिकवून ठेवलं होतं की तू चूक आहेस, आणि तिने ते मुकाट्याने मान्य केलं होतं. आता आतोबा कोणावर तरी कडाडणार म्हणून मी वाट बघत होते. ते बूट काढून बांधावर बसले, धोतर नाही, पँट होती, ती चिखलाने भरली. आणि इतक्या हळू आवाजात बोलले की मी त्यांचा तो आवाज तोवर ऐकलाच नव्हता. “नाशकात पण चालत नाही, बाळ. कुठेच चालत नाही. तुझंच बरोबर होतं.” यमुनाची आई म्हणाली, “मंग चहा तरी घ्या.” आम्ही चहा घेतला. काळा, गुळाचा.

यमुना त्या बॅचमध्ये शिकली, पुढे बीएस्सी झाली, आणि आता सुरगाण्याकडच्या एका आश्रमशाळेत गणित शिकवते. तिची मुलं तिला घाबरतात असं ऐकते. तिला भेटायला दरवर्षी जायचं ठरवते आणि जात नाही.

आतोबा गेले त्याला आता तीन-चार वर्षं झाली. शेवटपर्यंत चिडत होते. दवाखान्यात डॉक्टर म्हणाले, दहातले आठ पेशंट बरे होतात, तर यांनी क्षीण आवाजात विचारलं, कुठले दहा. तेराव्याला जमलेली माणसं पांगल्यावर आत्या आणि मी मागे भांडी आवरत होतो. सगळा दिवस मी त्यांचे किस्से सांगून लोकांना हसवत होते. त्या फाटकाचाही सांगितला, आणि म्हटलं, “बरं झालं, मी आपण होऊन सांगितलं. त्यांना तर शेवटपर्यंत कळलं नसतं तो गाढव कोण ते.”

आत्या म्हणाली, “अगं, त्यांना पहिल्या दिवशीच कळलं होतं. यमुना पेपर दाखवून गेली आणि हे मला म्हणाले, हा गोल आपल्या पोरीचा आहे. खालून सुरू करून वर नेते, लहानपणापासून.”

मी हातातलं पातेलं खाली ठेवलं. असा संताप आला मला. गेलेल्या माणसावर येऊ नये, पण आला. आठ दिवस त्या उन्हात बसले, आठ दिवस मला समोरून जायला-यायला लावलं, ‘तो’ म्हणाले, गाढव म्हणाले, पण एकदाही माझं नाव घेतलं नाही. ना संचालकांपुढे, ना यमुनापुढे, ना माझ्यापुढे. मी ओरडलेच आत्यावर. “मग तोंडावर का नाही म्हणाले? आणि मी बाहेर आलेच नसते तर? काय केलं असतं त्यांनी?”

“ते मीही विचारलं होतं, स्टूल घेऊन निघाले तेव्हा,” आत्या म्हणाली. तिने पातेलं उचलून जागेवर ठेवलं. “म्हणाले, पोरगी आपली आहे, येईल. पण वेळ लावेल. स्टुलाला तेवढी गादी बांधून दे.”